योझेफ क्रोनेर (१९२४–१९९८): वारंवार विचारले जाणारे प्रश्न

योझेफ क्रोनेर कोण होते?

योझेफ क्रोनेर हे स्लोव्हाकियातील नाटक आणि चित्रपट या दोन्ही क्षेत्रांत विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वावरलेले एक अत्यंत महत्त्वाचे नट होते. त्यांचा जन्म २० मार्च १९२४ रोजी स्ताश्कोव या गावी झाला आणि १२ मार्च १९९८ रोजी, चौऱ्याहत्तराव्या वाढदिवसाला आठ दिवस उरले असताना, ब्रातिस्लावा येथे त्यांचे निधन झाले. जगातील बहुतेक प्रेक्षक त्यांना १९६५ सालच्या ‘ओप्खोद ना कोर्झे’ या एकाच चित्रपटामुळे ओळखतात. त्यांच्या देशातील माणसांच्या मनात मात्र त्यांची ओळख आधी हसवणारा नट अशी आहे आणि त्या चित्रपटाचा नायक ही त्यानंतरची. पुढील बऱ्याच उत्तरांत हा फरक पुन्हा पुन्हा येईल, कारण तो लक्षात न घेता त्यांच्या सर्वांत प्रसिद्ध भूमिकेची निम्मी ताकद नजरेतून सुटते असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

नावाचा उच्चार कसा करावा?

‘जोसेफ’ किंवा ‘जोझेफ’ असे न म्हणता ‘योझेफ’ म्हणावे आणि आघात पहिल्या अक्षरावर द्यावा, कारण स्लोव्हाक भाषेत आघात जवळजवळ नेहमी पहिल्याच अक्षरावर येतो. त्यांच्या मुलीचे आडनाव ‘क्रोनेरोवा’ असे दिसते, तेव्हा ते वेगळे घराणे नाही. त्या भाषेत स्त्रियांच्या आडनावाला ‘ओवा’ हा प्रत्यय लागतो, एवढाच त्याचा अर्थ आहे.

ते कोणत्या भागातून आले?

स्ताश्कोव हे गाव स्लोव्हाकियाच्या वायव्येला, किसुत्से या डोंगराळ प्रदेशात, त्याच नावाच्या नदीच्या खोऱ्यात आहे. जमीन खडकाळ, हिवाळा लांब आणि पीक तुटपुंजे, त्यामुळे पिढ्यानपिढ्या इथली माणसे पोटासाठी बाहेर पडत आली. फुटक्या मातीच्या भांड्यांना तारेची जाळी विणून ती पुन्हा वापरण्याजोगी करून देणारे फिरते कारागीर ही या प्रदेशाची जुनी खूण आहे. पाठीवर तारांचे भेंडोळे घेऊन ते अर्ध्या युरोपात पायी हिंडत. क्रोनेर यांचे वडील रेल्वेत कामाला होते आणि कुटुंब मोठे होते.

या जन्मभूमीचा उल्लेख केवळ चरित्राची चौकट भरण्यासाठी केलेला नाही. क्रोनेर यांनी पुढे रंगवलेले सुतार, गवंडी, शेतकरी आणि गावगुंड पाहताना जाणवते की या माणसांचे बसणे, टोपी मागे सरकवणे, पैशाचा विषय निघाला की क्षणभर गप्प होणे हे कोणत्याही तालमीत शिकवलेले नाही. ते लहानपणी पाहिलेले आहे.

त्यांनी अभिनयाचे रीतसर शिक्षण घेतले होते का?

नाही. पोवाझ्स्का बिस्त्रित्सा या औद्योगिक गावात कारखान्यात नोकरी करत असताना ते हौशी नाटकांतून कामे करू लागले आणि तिथूनच व्यावसायिक रंगभूमीवर गेले. स्लोव्हाकियात हौशी रंगभूमीची परंपरा फार जुनी आणि पसरलेली आहे. व्यावसायिक राष्ट्रीय रंगभूमी १९२० साली उभी राहिली, परंतु त्याआधी कित्येक दशके गावोगावी शिक्षक, धर्मगुरू आणि कारागीर मिळून स्वभाषेतील नाटके बसवत होते. हंगेरीच्या राजवटीत स्लोव्हाक भाषेला शाळा आणि कचेऱ्यांमध्ये जागा नव्हती, त्या काळात ही भाषा चारचौघांत मोठ्याने बोलण्याचे एक ठिकाण म्हणजे हौशी नाटक होते. ज्यांच्या आजोबांनी झाडीपट्टीत किंवा कोकणात गावच्या रंगमंचावर तोंडाला रंग लावला आहे, त्या मराठी वाचकाला ही गोष्ट वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही.

व्यावसायिक रंगभूमीवरील त्यांची वाटचाल कशी झाली?

१९४८ साली ते मार्तिन या गावच्या नाट्यसंस्थेत दाखल झाले. मार्तिन हे आकाराने लहान गाव असले तरी स्लोव्हाक राष्ट्रीय चळवळीचे ते एक प्रमुख केंद्र होते आणि तेथील व्यावसायिक नाट्यसंस्था १९४४ साली स्थापन झाली होती. पुढे काही वर्षे ती सैन्याच्या अखत्यारीत जाऊन ‘सैन्य नाट्यगृह’ या नावाने चालली. क्रोनेर तेथे आठ वर्षे होते. लहान गावच्या मंडळीत नटाला निवड करण्याची चैन नसते. एका हंगामात म्हातारा, दुसऱ्यात नवरदेव, तिसऱ्यात दोन संवादांचा पोस्टमन, असे जे वाट्याला येईल ते करावे लागते. विनोदी नटाचा वेळेचा अचूक हिशेब, म्हणजे वाक्य कधी टाकायचे आणि टाकण्याआधी किती थांबायचे याची जाण, अशाच कामांतून घडते.

१९५६ साली त्यांनी ब्रातिस्लावाच्या स्लोव्हाक राष्ट्रीय नाट्यगृहाच्या नाट्यविभागात प्रवेश केला आणि पुढे दीर्घ काळ ते तेथेच राहिले. देशातील पहिल्या क्रमांकाची ही संस्था आहे. ऑपेरा आणि बॅले १८८६ साली बांधलेल्या जुन्या इमारतीत होत, तर नाट्यविभागाला १९५५ पासून कवी ह्विएझ्दोस्लाव यांच्या नावाचे स्वतंत्र नाट्यगृह मिळाले होते. म्हणजे क्रोनेर आले तेव्हा त्या रंगमंचाचे लाकूड अजून नवे होते.

मग त्यांचे नाटकातील काम आज पाहायला मिळते का?

रंगमंचावरील बहुतेक काम त्या त्या संध्याकाळीच संपले, त्याला इलाज नाही. पण एक योगायोग उपकारक ठरला. क्रोनेर ब्रातिस्लावाला आले त्याच वर्षी, नोव्हेंबर १९५६ मध्ये, तेथील दूरचित्रवाणी केंद्र सुरू झाले. या केंद्राने पुढील काळात नाट्यप्रयोगांना मोठी जागा दिली. सोमवारी रात्री सादर होणारी नाटके ‘ब्रातिस्लावाचे सोमवार’ या नावाने साऱ्या चेकोस्लोव्हाकियात ओळखली जात आणि राष्ट्रीय नाट्यगृहातील नट त्यांत नियमित कामे करत. त्यामुळे त्या पिढीच्या अभिनयाचा बराच ऐवज चित्रफितींवर शिल्लक राहिला.

त्यांतला सर्वांत लाडका प्रयोग म्हणजे योझेफ होली या नाटककाराच्या ‘कुबो’ या ग्रामीण प्रहसनाचे १९६५ सालचे दूरचित्रवाणी रूप. कुबो हा खात्यापित्या घरातला, आईवडिलांनी डोक्यावर चढवून ठेवलेला बावळट मुलगा. घरच्यांनी त्याचे लग्न अशा मुलीशी ठरवले आहे जिचे मन दुसऱ्यावर आहे. क्रोनेर तेव्हा एक्केचाळीस वर्षांचे होते, म्हणजे भूमिकेच्या वयापेक्षा खूपच मोठे. तरीही ते ढगळ विजारीत पाय फेंगडे टाकत आले की वयाचा हिशेब कोणी करत नाही. आज स्लोव्हाकियात कुबो म्हटले की हाच चेहरा डोळ्यांपुढे येतो.

‘ओप्खोद ना कोर्झे’ या नावाचा अर्थ काय?

‘ओप्खोद’ म्हणजे दुकान. ‘कोर्झो’ म्हणजे गावातील तो मुख्य रस्ता जिथे संध्याकाळी आणि विशेषतः रविवारी माणसे नीटनेटके कपडे घालून, ओळखीच्यांना टोपी उंचावून अभिवादन करत, सावकाश फेऱ्या मारतात. भारतात हा चित्रपट ‘द शॉप ऑन मेन स्ट्रीट’ या इंग्रजी नावाने ओळखला जातो, परंतु त्या नावात फेरी मारण्याचा हा अर्थ हरवतो. चित्रपटात याच रस्त्यावरून प्रतिष्ठित मंडळी फिरतात, आणि शेवटी याच चौकात ज्यू कुटुंबांना नावे पुकारून एकत्र केले जाते.

चित्रपटाची कथा आणि तिची ऐतिहासिक पार्श्वभूमी काय आहे?

मार्च १९३९ मध्ये नाझी जर्मनीच्या आश्रयाखाली स्वतंत्र स्लोव्हाक राज्य स्थापन झाले. त्याचे अध्यक्ष योझेफ तिसो हे कॅथलिक धर्मगुरू होते. १९४० पासून ज्यूंची दुकाने आणि उद्योग काढून घेऊन ते ‘आर्य’ ठरवलेल्या माणसांच्या हवाली करण्याचे कायदे झाले. या प्रक्रियेला आर्यीकरण म्हणत आणि ज्याला असे दुकान मिळे त्याला ‘अरिझातोर’. २५ मार्च १९४२ रोजी पोप्राद येथून तरुण मुली आणि स्त्रियांना घेऊन पहिली गाडी आउश्वित्सकडे निघाली आणि त्या वर्षीच्या ऑक्टोबरपर्यंत सुमारे ५८,००० ज्यूंना देशाबाहेर पाठवले गेले. त्यांपैकी फारच थोडे परतले.

चित्रपट १९४२ मधला आहे. तोनो ब्रत्को हा गावातला सुतार, गरीब, आळशाकडे झुकणारा आणि मनाने वाईट नसलेला. त्याचा साडू ह्लिंका गार्ड या सत्ताधारी संघटनेचा स्थानिक म्होरक्या आहे. तो एके रात्री दारू आणि खाण्याचे पदार्थ घेऊन येतो आणि तोनोच्या हाती एका दुकानाचा ताबा देणारा कागद ठेवतो. बायको हरखते. दुकान असते रोझालिया लाउत्मानोवा या वृद्ध, कानाने अधू ज्यू विधवेचे, आणि ते विकते बटणे, सुया आणि फिती. दुकानात कमाई काहीच नाही, ते केव्हाच बुडालेले आहे. म्हातारीला बाहेर युद्ध चालू आहे हेही नीट ठाऊक नाही. शेवटी ज्यू समाजातील मंडळीच तोनोला दरमहा काही रक्कम देतात, कारण तो गेला तर त्याच्याहून वाईट माणूस येईल. तिच्या समजुतीप्रमाणे तोनो हा दुकानात मदतीला आलेला नोकर आहे, आणि तिला खरे सांगण्याचे धैर्य त्याला होत नाही.

या भूमिकेत क्रोनेर यांनी नेमके काय केले, म्हणून ती एवढी गाजली?

सुरुवातीचा तासभर त्यांनी ती प्रहसनासारखी खेळली, हे तिचे मर्म आहे. तोनो दुकानाचा कागद घेऊन पहिल्यांदा आत शिरतो तो प्रवेश पाहावा. तो मालक म्हणून आलेला असतो, पण आवाज मात्र उधारी मागायला आलेल्या माणसाचा लागतो. म्हातारीला ऐकू येत नाही, म्हणून तो वाक्य पुन्हा म्हणतो, जरा मोठ्याने. ती त्याला गिऱ्हाईक समजते. तो कागद पुढे करतो, तिला चष्मा सापडत नाही. तिसऱ्यांदा सांगताना त्याच्या चेहऱ्यावर जी लाज येते ती बहिऱ्या माणसासमोर ओरडावे लागल्याची आहे की आपण काय सांगत आहोत हे स्वतःलाच ऐकू आल्याची आहे, हे प्रेक्षकाला ठरवता येत नाही. प्रेक्षागृह हसत असते. ‘कुबो’मधील बावळटाला ज्या लयीवर हशा मिळतो, तीच ही लय आहे, आणि दोन्ही कामे एकाच वर्षातली आहेत.

शेवटच्या भागात लय बदलत नाही, फक्त हसू नाहीसे होते. चौकात लोकांना गोळा केले जात आहे, ध्वनिक्षेपकावरून नावे येत आहेत, म्हातारीचे नाव मात्र येत नाही. तोनो दुकानाच्या काचेआडून बघतो आणि पितो. आता तो तिला वाचवायला धावतो, आता स्वतः पकडला जाईल या भीतीने तिलाच बाहेर ढकलू पाहतो, पुन्हा क्षमा मागतो, पुन्हा ओरडतो. एकच माणूस पाच मिनिटांत चारदा पालटतो आणि प्रत्येक वेळी त्याचे खरे वाटते. सैनिक जवळ आलेले पाहून तो घाबरून तिला कोठडीत लोटतो, त्या धक्क्याने ती पडून मरते, आणि हे कळल्यावर तो गळफास घेतो. गंभीर प्रकृतीचा, धीरोदात्त नट घेतला असता तर या दृश्यात शोकांतिकेचा नायक दिसला असता. क्रोनेर यांच्यामुळे तिथे भेदरलेला शेजारी दिसतो, आणि म्हणूनच ते दृश्य पाहणे अवघड जाते.

म्हातारीच्या मृत नवऱ्याचा सूट आणि टोपी हाही या भूमिकेचा एक धागा आहे. ती तोनोला ते कपडे देते, ते अंगावर चढवताच त्याची चाल बदलते, खांदे मागे जातात, आणि कोर्झोवर फिरणाऱ्या सभ्य गृहस्थांपैकी आपण एक आहोत असे त्याला वाटू लागते. अखेरच्या स्वप्नदृश्यात हे दोघे लख्ख पांढऱ्या उजेडात दुकानाबाहेर पडून त्याच रस्त्यावर नाचत जातात.

दिग्दर्शक आणि सहकलाकार कोण होते?

दिग्दर्शन यान कादार आणि एल्मार क्लोस या जोडीचे होते. कादार यांचा जन्म बुडापेस्टचा, बालपण स्लोव्हाकियातील रोझ्न्यावा येथे गेलेले. ते स्वतः ज्यू होते आणि त्यांचे आईवडील व बहीण आउश्वित्स येथे मारले गेले. क्लोस चेक होते. कथा हुमेन्ने या पूर्व स्लोव्हाकियातील गावी जन्मलेल्या लादिस्लाव ग्रोसमान यांची. संगीत झ्देन्येक लिश्का यांचे. चित्रीकरण साबिनोव या गावात झाले.

वृद्ध दुकानदारीण झाल्या होत्या ईदा कामिन्स्का, पोलंडमधील यिद्दिश रंगभूमीच्या थोर अभिनेत्री आणि वॉर्सा येथील ज्यू नाट्यगृहाच्या प्रमुख. एक मोठ्या नाट्यपरंपरेची सम्राज्ञी आणि एक हौशी मंडळींतून आलेला डोंगराळ भागातला नट, अशी ही जोडी होती. दोघांच्या अभिनयाची घडण पूर्ण वेगळी, आणि कथेतही ही दोन माणसे एकमेकांचे बोलणे पूर्ण समजू शकत नाहीत. हे वेगळेपण चित्रपटाने लपवले नाही, वापरून घेतले.

क्रोनेर यांना ऑस्कर मिळाले होते का?

नाही, आणि हा गैरसमज सर्वत्र आढळतो. १८ एप्रिल १९६६ रोजी झालेल्या समारंभात ऑस्कर मिळाले ते चित्रपटाला, सर्वोत्कृष्ट परभाषिक चित्रपट या गटात. चेकोस्लोव्हाकियाला या गटात मिळालेला हा पहिलाच पुरस्कार होता. पुढील वर्षी कामिन्स्का यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे नामांकन मिळाले, क्रोनेर यांना मिळाले नाही. मात्र त्याआधी, १९६५ च्या कान महोत्सवात परीक्षकांनी दोघांच्याही अभिनयाचा विशेष उल्लेख करून गौरव केला होता. म्हणजे युरोपने जोडी पाहिली आणि अमेरिकेने तिच्यातील एकच बाजू. हा निवाडा अन्यायाचा वाटतो.

हा चित्रपट चेक मानावा की स्लोव्हाक?

निर्मिती प्रागच्या बारांदोव स्टुडिओची, संवाद स्लोव्हाक भाषेत, विषय स्लोव्हाक इतिहासाचा, नायक स्लोव्हाक, एक दिग्दर्शक चेक. देश तेव्हा एक होता, १९९३ च्या सुरुवातीला तो दुभंगला, आणि हा वाद त्यानंतरचा आहे. चित्रपटात काम केलेल्यांपैकी फारसे कोणी तो तेव्हा घातला असेल असे वाटत नाही. १९६८ च्या ऑगस्टमध्ये सोव्हिएत नेतृत्वाखालील फौजा देशात शिरल्यानंतर कादार अमेरिकेत गेले आणि १९७९ साली तिकडेच वारले. क्रोनेर देशातच राहिले.

त्यांच्या इतर उल्लेखनीय भूमिका कोणत्या?

पन्नाशीच्या दशकापासून त्यांनी अनेक चित्रपटांत लहानमोठी कामे केली. १९६० सालच्या फुटबॉलवेड्या प्रेक्षकांवरील ‘स्काल्नी व ओफ्साय्दे’ या विनोदपटाचा त्यांत उल्लेख करावा लागेल. तीन भूमिकांवर मात्र थांबायला हवे.

पहिली ‘पाखो, हिब्स्की झ्बोयनीक’ मधली, दिग्दर्शक मार्तिन त्यापाक, १९७५. स्लोव्हाकियात यानोशीक या दरोडेखोराची कथा सर्वांना पाठ असते. तो श्रीमंतांना लुटून गरिबांना वाटणारा, तरणाबांड, अंगाने राकट आणि शेवटी फासावर गेलेला लोकनायक. त्याच्यावर गाणी झाली, चित्रपट झाले. ‘पाखो’ ही त्या साऱ्या दंतकथेची थट्टा आहे. इथला दरोडेखोर पन्नाशी गाठलेला, बुटका, अंगापेक्षा जिभेने चपळ. सम्राज्ञी मारिया तेरेसाही कथेत येते. राष्ट्रीय दैवताची अशी खिल्ली उडवताना नट जराही तुच्छतेने वागला तर प्रेक्षक चिडतो. क्रोनेर यांच्या पाखोवर प्रेक्षकांनी लोभ केला, तो इतका की त्यातील संवाद आजही बोलण्यात येतात.

दुसरी ‘तिसीत्स्रोच्ना व्चेला’, म्हणजे हजार वर्षांची मधमाशी, या १९८३ च्या चित्रपटातील. पेतर यारोश यांच्या १९७९ च्या कादंबरीवरून युराय याकुबिस्को यांनी तो केला. लिप्तोव प्रदेशातील हिबे या गावच्या गवंड्यांच्या कुटुंबाची ही एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून पहिल्या महायुद्धापर्यंतची कहाणी आहे, आणि क्रोनेर तिच्यात कुटुंबाचा वडीलधारा मार्तिन पिखांदा झाले. श्तेफान क्वियेतीक यांनी मुलाची, सामोची, भूमिका केली. याकुबिस्को यांच्या शैलीत स्वप्न, लोककथा, रंग आणि गर्दी यांची लयलूट असते. त्या पसाऱ्यात पडदा जमिनीवर टेकवून ठेवण्याचे काम म्हाताऱ्या पिखांदाच्या चुन्याने माखलेल्या हातांकडे आले आहे.

तिसरी देशाबाहेरची. हंगेरियन दिग्दर्शक कारोय माक यांच्या १९८२ च्या चित्रपटात, १९५८ च्या बुडापेस्टमधील दोन पत्रकार स्त्रियांच्या प्रेमाच्या कथेत, त्यांनी सत्य छापावे की नोकरी सांभाळावी अशा पेचातील संपादक एर्दोश रंगवला. या चित्रपटासाठी पोलिश अभिनेत्री याद्विगा यान्कोव्स्का-चेश्लाक यांना कान येथे पुरस्कार मिळाला.

त्यांच्या कुटुंबात आणखी कोणी नट होते का?

पत्नी तेरेझिया हुर्बानोवा-क्रोनेरोवा अभिनेत्री होत्या. धाकटे बंधू ल्युदोवीत क्रोनेर हेही रंगभूमीवर आणि पडद्यावर परिचित होते, आणि दोघा भावांची गल्लत करणारे प्रेक्षक आजही भेटतात. पुतणे यान्को क्रोनेर नट आहेत. मुलगी झुझाना क्रोनेरोवा यांचा जन्म १९५२ साली, वडील मार्तिनच्या मंडळीत असताना, तेथेच झाला. नाटकांत दीर्घ काळ काम केल्यावर चेक चित्रपटांतही त्यांनी आपली जागा केली, आणि बोहदान स्लामा यांच्या ‘बाबा झ लेदु’ या २०१७ च्या चित्रपटात गोठलेल्या नदीत पोहायला लागलेल्या वृद्ध विधवेच्या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा चेक लायन पुरस्कार मिळाला.

अभिनयाव्यतिरिक्त त्यांना कशाची आवड होती?

मासेमारीची. गळ टाकून नदीकाठी तासन्‌तास बसणे हा त्यांचा छंद सर्वश्रुत होता आणि त्यावर त्यांनी गमतीशीर लेखनही केले. किसुत्सेच्या खोऱ्यात वाढलेल्या माणसाला हे स्वाभाविकच म्हणावे.

ज्याने त्यांचे काहीच पाहिलेले नाही, त्याने सुरुवात कुठून करावी?

‘ओप्खोद ना कोर्झे’ सहज मिळतो आणि त्याला चांगली इंग्रजी उपशीर्षके आहेत, त्यामुळे बहुतेकांची सुरुवात तिथूनच होते. तरीही जमल्यास आधी ‘कुबो’ची एखादी ध्वनिचित्रफीत शोधून दहा-पंधरा मिनिटे पाहावी. त्यातील बोली ग्रामीण आहे आणि शब्द कळणार नाहीत, पण हशा कुठे येतो ते कळते. त्यानंतर तोनो ब्रत्को दुकानाचा कागद हातात धरून दार ढकलतो, तेव्हा तुमचे ओठ हसण्यासाठी आधीच तयार झालेले असतात.